मागे सरकत लढायचं काम: ऑफेन्सिव्ह लाइनमनची कारकीर्द

२२ ऑक्टोबर २०१७. अमेरिकन फुटबॉलमधल्या क्लीव्हलंड ब्राउन्स संघाचा डावा टॅकल, म्हणजे एक ऑफेन्सिव्ह लाइनमन, जो थॉमस टेनेसी टायटन्सविरुद्धच्या सामन्यात दंड धरून मैदानाबाहेर गेला. डाव्या हाताचा ट्रायसेप्स फाटला होता. २००७ मध्ये पहिला सामना खेळल्यापासून त्या क्षणापर्यंत त्याच्या संघाची एकही आक्रमक चाल त्याच्याविना झाली नव्हती. सलग १०,३६३ चाली. तेवढ्या काळात सहा मुख्य प्रशिक्षक झाले, चेंडू फेकणारे क्वार्टरबॅक तर वीसच्या घरात बदलले, आणि संघ एकदाही प्लेऑफपर्यंत पोहोचला नाही. तरीही २०२३ मध्ये, पात्र ठरल्याच्या पहिल्याच वर्षी, थॉमसला खेळातल्या थोरांच्या हॉल ऑफ फेममध्ये घेतलं.

या आकड्याला एवढं वजन आहे, कारण लाइनमनच्या नावापुढे लिहायला दुसरं फारसं काही नसतं. पळून मिळवलेले यार्ड नाहीत, गुण मिळवणारे टचडाऊन नाहीत. काही खासगी कंपन्या चित्रफिती बघून ‘याच्यामुळे इतक्या वेळा क्वार्टरबॅकवर दबाव आला’ अशी मोजणी करतात, पण त्या चालीत कुणी कुणाला अडवायचं ठरलं होतं हे बाहेरच्या माणसाला नेमकं कळत नाही, म्हणून त्यातही अंदाज शिरतोच. मैदानावर हजर असणं आणि काहीही न बिघडणं, हीच या माणसाची धावसंख्या.

आपल्याकडे लाइनमन म्हटलं की खांबावर चढणारा वीजखात्याचा माणूस डोळ्यांपुढे येतो, म्हणून आधी हे पद समजून घेऊ. अमेरिकन फुटबॉलमध्ये प्रत्येक बाजूचे ११ जण मैदानात असतात. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्यांना चार प्रयत्नांत १० यार्ड, म्हणजे साधारण नऊ मीटर, पुढे जायचं असतं. चेंडू जिथे ठेवलेला असतो त्या रेषेवर आक्रमक संघाचे पाच धिप्पाड खेळाडू खांद्याला खांदा लावून बसतात. मधला सेंटर, तो पायांमधून चेंडू मागे क्वार्टरबॅकला देतो. याला स्नॅप म्हणतात. त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड आणि दोन्ही टोकांना टॅकल. नावात टॅकल असलं तरी कुणाला पकडून पाडणं हे त्याचं काम नव्हे. या पाच जणांचे क्रमांक ५० ते ७९ मधले असतात आणि पंचांना आधी कळवल्याशिवाय त्यांना पुढे फेकलेला पास झेलता येत नाही. एनएफएलमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगमध्ये, पास हातातून सुटायच्या आत रेषेपुढे एक यार्डाहून जास्त गेले तरी ५ यार्डांचा दंड बसतो. एकूण काय, पळणाऱ्यासाठी वाट मोकळी करायची आणि फेकणाऱ्याला वेळ मिळवून द्यायचा. हा वेळ सहसा अडीच-तीन सेकंदांचा असतो.

अडीच सेकंदांत काय घडतं

समोरचा बचावपटू पुढे धावत येतो आणि लाइनमनला मागे सरकत त्याला थोपवायचं असतं. या पेशाची सगळी अडचण या एका वाक्यात आहे. समोरच्याला वेग घेता येतो, दिशा निवडता येते. याला त्याच्या निवडीची वाट बघावी लागते. फायदा एकच: चेंडू कधी हलणार हे याला ठाऊक असतं, समोरच्याला नसतं. तो अर्धा क्षण वाया घालवला की उरलेलं सगळं उशिराचं होतं. आणि अधीर होऊन स्नॅपच्या आधी नुसता खांदा जरी हलला तरी फॉल्स स्टार्ट, ५ यार्ड मागे.

डाव्या टॅकलची पहिली हालचाल बघा. डावा पाय तिरका मागे जातो, उजवा पाय त्याच्यामागून जमिनीलगत सरकतो. याला किक-स्लाइड म्हणतात. जोर डाव्या पायाचा दिसतो, पण खरा रेटा उजव्या, आतल्या पायाचा असतो. दोन पावलांमधलं अंतर सतत जवळपास तेवढंच राहायला हवं. टाचा एकमेकींना टेकल्या की त्या क्षणी माणूस एका खांबासारखा उभा असतो आणि छातीवर धक्का बसला तर सरळ पाठीवर जातो. गुडघे वाकलेले, पाठ सरळ, डोकं मागे. कमरेतून पुढे वाकणारा खेळाडू बळकट वाटतो, पण समोरच्याने हात झटकून बाजूला पाऊल टाकलं की तो तोंडावर पडतो. मातीत कुस्ती खेळलेल्याला हे वेगळं सांगायला नको: ज्याची कंबर खाली, त्याचा जोर वरचढ. अमेरिकेत कितीतरी लाइनमन शाळेत कुस्ती खेळलेले असतात आणि प्रशिक्षक अशी मुलं मुद्दाम शोधतात.

मग हात. कोपरं बरगड्यांजवळ, अंगठे वर, आणि तळव्यांच्या टाचेने समोरच्याच्या छातीवर ठोसा. १९७८ मध्ये नियम बदलला आणि पास अडवताना हात पसरून उघड्या पंजाने रोखायची मुभा मिळाली. आजचं सगळं तंत्र त्यानंतर घडलेलं आहे. ठोसा लवकर मारला तर समोरचा हात खाली दाबून निघून जातो; उशिरा मारला तर तोच आधी छातीला भिडतो. म्हणून चांगले टॅकल दोन्ही हात एकदम टाकत नाहीत. एक हात आधी टाकून अंतर मोजतात, दुसरा राखून ठेवतात. पंजे समोरच्याच्या खांद्यांच्या आत असतील तर कापड मुठीत धरलेलं असलं तरी पंच सहसा दुर्लक्ष करतात. पंजे बाहेर गेले आणि तो वळायला लागला की होल्डिंग, १० यार्डांचा दंड. हेच स्वतःच्या एंड झोनमध्ये, म्हणजे मैदानाच्या आपल्या टोकाच्या पट्ट्यात, झालं तर प्रतिस्पर्ध्याला थेट २ गुण मिळतात. होल्डिंग हाताने होतं असं दिसतं, पण त्याचं मूळ जवळजवळ नेहमी पायात असतं. पाय मागे पडले म्हणूनच हात धरून ठेवायला धावतात.

समोरच्याची शस्त्रं मोजकीच. बाहेरून वेगाने वळसा घालणं, सरळ छातीवर रेटत येणं, बाहेरचा आव आणून आत घुसणं, गिरकी घेणं. बाहेरच्या वेगाला घाबरून टॅकल एक पाऊल जास्त सरकला की आतली वाट उघडी पडते, आणि क्वार्टरबॅककडे जायचा सर्वांत जवळचा रस्ता आतलाच असतो. म्हणून मुलांना पहिल्या दिवसापासून हेच घोकून घेतात: हरायचंच असेल तर बाहेरून हरा. बाहेरून गेलेल्याला लांबचा फेरा पडतो आणि क्वार्टरबॅकला एक पाऊल पुढे सरकून सुटता येतं. सरळ रेटा आला तर नितंब खाली टाकून, दोन्ही पाय एकदम जरासे मागे उडी मारून पुन्हा रोवायचे असतात. याला अँकर म्हणजे नांगर म्हणतात, आणि नाव अगदी चपखल आहे.

थॉमसची खरी हुशारी अशी की तो दर वेळी एकाच पद्धतीने सरकत नसे. कधी सरळ मागे, कधी ४५ अंशांत, कधी एकदम पुढे झेप घेऊन समोरच्याचं पहिलं पाऊल पडायच्या आत त्याला गाठायचा. समोरच्याला सामनाभर अंतराचा अंदाज बांधता येत नसे, आणि अंदाज नसेल तर शस्त्र बाहेर काढायची वेळ चुकते.

पाच जण, एक डोकं

एकट्याचं तंत्र कितीही पक्कं असलं तरी शेजाऱ्याशी सूर जुळला नाही तर त्याचा उपयोग नाही. बचावातला आतला माणूस टॅकलच्या दिशेने घुसतो आणि बाहेरचा त्याच्यामागून वळसा घेऊन आत येतो, या अदलाबदलीला स्टंट म्हणतात. गार्ड आणि टॅकलने आपापली माणसं एकमेकांच्या हवाली करायची असतात. त्यासाठी दोघंही रेषेपासून सारख्याच खोलीवर असायला हवेत. एक फूटभर जरी मागे असेल तर ते एकमेकांवरच आदळतात आणि मधून वाट तयार होते. टीव्हीवर ‘अडवायला कुणीच नव्हतं’ असं जे दिसतं, त्यातलं बरंचसं याच फूटभर फरकाचं असतं.

पळण्याच्या चालीत दोन मुख्य पद्धती आहेत. झोन पद्धतीत पाचही जण एकाच दिशेने पहिलं पाऊल टाकतात; दोघं मिळून समोरच्या जड माणसाला ढकलतात, पण नजर त्याच्यामागच्या लाइनबॅकरवर, म्हणजे बचावाच्या दुसऱ्या फळीतल्या खेळाडूवर, ठेवतात, आणि तो ज्याच्या बाजूला येईल त्याने सुटून त्याला गाठायचं. लवकर सुटला तर जड माणूस मोकळा होतो, उशीर केला तर लाइनबॅकर धावणाऱ्याला रेषेवरच पाडतो. दुसऱ्या, गॅप पद्धतीत एका बाजूचे सगळे आतल्या दिशेने दाबतात आणि पलीकडचा गार्ड रेषेमागून धावत येऊन मोकळ्या जागेत पहिला धक्का देतो. १४० किलोचा माणूस असा धावताना बघणं ही या खेळातली सर्वांत देखणी गोष्ट आहे.

या सगळ्याची सूत्रं सेंटरच्या हातात. स्नॅपच्या आधी तो बचावाची मांडणी वाचतो, मधला लाइनबॅकर कोण धरायचा ते बोट दाखवून ओरडून सांगतो, आणि त्यावर बाकी चौघांचा हिशोब ठरतो. परक्या मैदानावर साठ-सत्तर हजार लोक ओरडत असतात तेव्हा क्वार्टरबॅकचा आवाज पोहोचत नाही. तेव्हा गार्ड मागे वळून बघतो, इशारा मिळाला की सेंटरला हाताने थोपटतो, आणि सेंटर ठरलेला क्षण थांबून चेंडू देतो. थांबायचा क्षण दर वेळी बदलावा लागतो, नाहीतर बचावपटू ताल ओळखतात आणि स्नॅपचा एकमेव फायदाही हातचा जातो. फिलाडेल्फिया ईगल्सचा जेसन केल्सी १३ हंगाम हे काम करत होता. सिनसिनाटी विद्यापीठात तो शिष्यवृत्तीशिवाय आला, तेही दुसऱ्याच जागेवर खेळायला. २०११ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ नवे खेळाडू पाळीपाळीने निवडतात त्यात, सहाव्या फेरीत, १९१ व्या क्रमांकावर निवडला गेला. सेंटरच्या मानाने हलकाच होता. त्याने वजनाची कसर वेगाने आणि वाचनाने भरून काढली.

इथपर्यंत पोहोचायचं कसं

वाट शाळेपासून सुरू होते. पंधरा-सोळाव्या वर्षी सहा फूट चार इंच उंची, लांब हात आणि हलके पाय असले की विद्यापीठांचे प्रशिक्षक दारात येतात. वजन तेव्हा ११५-१२० किलो असलं तरी चालतं, वजन वाढवता येतं. हाताची लांबी वाढवता येत नाही. गोळाफेक, थाळीफेक, कुस्ती, बास्केटबॉल या खेळांतल्या मुलांना मागणी असते, कारण त्यांना स्वतःच्या पायांचं भान असतं. थॉमस स्वतः विस्कॉन्सिन विद्यापीठासाठी गोळा आणि थाळी फेकायचा.

विद्यापीठात पहिलं वर्ष बहुतेकांचं राखीव, म्हणजे सामने न खेळता, जातं. नियमानुसार पाच वर्षांत चार हंगाम खेळता येतात, आणि २०१८ पासून राखीव वर्षातही चार सामने खेळून ते वर्ष वाचवता येतं. इतर जागांवर अठरा वर्षांचा गुणी मुलगा लगेच चमकतो. लाइनवर तसं क्वचितच होतं, कारण समोर बावीस वर्षांचा, चार वर्षं वजनं उचललेला माणूस असतो. या काळात दिवसाला पाच-सहा हजार कॅलरी खाणं हे कामच बनतं: पोट भरल्यावरही खायचं, झोपण्याआधी खायचं. वजन फार झपाट्याने वाढवलं तर पाय जड होतात, आणि मग टॅकलचा गार्ड होतो.

शाळा संपून तीन वर्षं झाली की एनएफएलच्या ड्राफ्टसाठी पात्रता येते. त्याआधी इंडियानापोलिसला तपासणी होते, कंबाइन. तिथे २२५ पौंड, म्हणजे १०२ किलोचा बार छातीवरून जमेल तितक्या वेळा उचलायचा असतो. गर्दीला हे आवडतं. निवड करणारे मात्र दुसरीकडे बघतात. ४० यार्डांच्या धावेतले पहिले १० यार्ड, आणि हाताची लांबी. ३३ इंचांहून कमी हात असलेल्या मुलाला टॅकलऐवजी गार्ड म्हणून पाहिलं जातं. या काटेकोरपणात थोडं आंधळेपण आहे असं आम्हाला वाटतं, पण लांब हाताला समोरच्याच्या आधी छाती गाठता येते हे खरंच आहे. वैद्यकीय तपासणी सर्वांत निर्णायक. थॉमसच्या गुडघ्याचा एसीएल हा अस्थिबंध २००६ च्या जानेवारीत विद्यापीठांच्या हंगामाअखेरच्या एका बाऊल सामन्यात फाटला होता, तोही बचावाच्या बाजूने खेळताना. तो विद्यापीठात आणखी एक वर्ष राहिला, उत्तम लाइनमनची आउटलँड ट्रॉफी जिंकली, आणि २००७ मध्ये तिसऱ्या क्रमांकावर निवडला गेला.

या ठरावीक वाटेबाहेरूनही कुणी येतं. जॉर्डन मायलाटा ऑस्ट्रेलियात रग्बी लीग खेळायचा. तो अमेरिकन फुटबॉलचा एकही सामना खेळला नसताना ईगल्सने त्याला २०१८ मध्ये सातव्या फेरीत, २३३ व्या क्रमांकावर घेतलं. पहिले दोन हंगाम तो एकही सामना खेळला नाही. तेवढ्यात लाइनचे प्रशिक्षक जेफ स्टाउटलँड यांनी त्याला बसायचं कसं इथपासून शिकवलं. २०२० मध्ये तो मैदानात उतरला, आणि फेब्रुवारी २०२५ मध्ये सुपर बाऊल, म्हणजे एनएफएलचा अंतिम सामना, जिंकणाऱ्या संघाचा डावा टॅकल होता. अंगाची क्षमता असेल तर हे काम शिकवता येतं, पण दोन वर्षं धीर धरणारा संघ लागतो. तो दर वेळी मिळत नाही.

नोकरी, पगार आणि टिकणं

संघात ५३ जागा असतात, त्यातल्या आठ ते दहा लाइनमनच्या. लीग आणि खेळाडूंची संघटना यांच्यातल्या २०२० च्या करारानुसार सामन्याच्या दिवशी आठ लाइनमन तयार ठेवले तर संघाला ४८ खेळाडू उतरवता येतात, नाहीतर ४७. या एका ओळीने आठव्या माणसाची नोकरी वाचवली. सुरुवातीच्या पाचांत जागा नसेल तर एकाहून जास्त जागा खेळता येणं हाच आधार. दोन्ही टोकांना चालणारा टॅकल, किंवा स्नॅप देता येणारा गार्ड, यांना संघ सहसा सोडत नाही. ब्रूस मॅथ्यूज १९८३ पासून १९ हंगाम, २९६ सामने खेळला आणि लाइनवरच्या पाचही जागा त्याने सांभाळल्या. तरुण गार्डने रोज सराव संपल्यावर वीस मिनिटं स्नॅप टाकावेत हा सल्ला म्हणूनच लाखमोलाचा.

ड्राफ्टमधून आलेल्याचा पहिला करार चार वर्षांचा, रक्कम निवडीच्या क्रमांकावर जवळजवळ ठरलेली. पहिल्या फेरीतल्या खेळाडूचं पाचवं वर्षही संघ आपल्या मर्जीने राखू शकतो. २०२४ मध्ये नवख्याचा किमान पगार ७,९५,००० डॉलर होता, पण तो हंगामातल्या १८ आठवड्यांत विभागून मिळतो. मधेच काढून टाकलं तर उरलेले आठवडे बहुधा गेलेच. कराराची जाहीर रक्कम वाचायची नसते, हमीची रक्कम वाचायची असते. पेन्शनचा हक्क तीन मान्य हंगामांनंतर मिळतो, म्हणून तिसऱ्या वर्षी कुणाला ठेवायचं यावर इतकी घालमेल होते.

खरा पैसा दुसऱ्या करारात. २०२४ मध्ये डेट्रॉइटच्या पनेई सूअलला चार वर्षांसाठी ११२ दशलक्ष डॉलर मिळाले. त्याच वर्षी कॅन्सस सिटीचा सेंटर क्रीड हम्फ्री याला चार वर्षांसाठी ७२ दशलक्ष. टॅकल आणि सेंटर यांच्यातली ही दरी जुनी आहे. १८ नोव्हेंबर १९८५ च्या रात्री लॉरेन्स टेलरच्या धडकेत क्वार्टरबॅक जो थाइसमनचा पाय मोडला. उजव्या हाताने फेकणाऱ्याची पाठ डावीकडे असते, आणि त्या पाठीची राखण किती महत्त्वाची हे सगळ्यांनी पाहिलं. १९९३ मध्ये खेळाडूंना संघ निवडायची मोकळीक मिळाल्यावर ते पगारातही दिसू लागलं. आता बचावपटू दोन्ही बाजूंनी येतात आणि सूअल तर २०२४ च्या त्या कराराच्या वेळी उजवा टॅकल होता.

दुखापती ठरलेल्या असतात: शेजाऱ्याच्या अंगाखाली घोटा सापडणं, बाहेरून कुणी पायावर पडून गुडघ्याचा आतला अस्थिबंध ताणणं, खांद्याच्या वाटीची कड फाटणं, बोटं तर कायमचीच वाकडी. पहिल्या दोन गोष्टींवर उपाय एकच, पाय सतत हलते ठेवायचे. रेंगाळणाऱ्या पायावरच माणसं पडतात. डोक्याचं दुखणं मात्र चुकवता येत नाही. जवळजवळ प्रत्येक चालीत हेल्मेटला हेल्मेट लागतं, बेशुद्ध करणारा एकही मार नसला तरी. पिट्सबर्गचा सेंटर माइक वेबस्टर १७ हंगाम खेळला आणि २००२ मध्ये ५० व्या वर्षी गेला. डॉ. बेनेट ओमालू यांना त्याच्या मेंदूत सीटीई, म्हणजे डोक्याला वारंवार बसणाऱ्या माराशी जोडलेला मेंदूचा आजार, सापडला. एनएफएल खेळाडूत हे निदान तेव्हा प्रथम झालं. २०११ पासून हंगामात पॅड घालून फक्त १४ सराव करता येतात, ते याच काळजीपोटी. लाइनचे प्रशिक्षक तक्रार करतात की पॅडशिवाय हे काम शिकवता येत नाही. तक्रार खरी आहे, आणि तरीही बंधन हवंच.

उन्हाळी शिबिरातल्या उष्णतेबद्दल तर तडजोड नकोच. मिनेसोटाचा टॅकल कोरी स्ट्रिंगर १ ऑगस्ट २००१ रोजी उष्माघाताने गेला, वय २७. शरीराचं तापमान १०८ फॅरनहाइटच्या वर गेलं होतं. जाड शरीर, अंगावर पॅड आणि दमट हवा, यात उष्णता बाहेर पडायला वाटच उरत नाही. असा माणूस बरळू लागला, अडखळू लागला की त्याला आधी बर्फाच्या पाण्याच्या टबात बसवायचं आणि मग रुग्णालयात न्यायचं. क्रम उलटा झाला तर हातात असलेली मिनिटं निघून जातात. कनेक्टिकट विद्यापीठात २०१० मध्ये स्ट्रिंगरच्या नावाने सुरू झालेली संस्था शाळांना हेच शिकवते.

थॉमस मार्च २०१८ मध्ये निवृत्त झाला, वय ३३. त्यानंतरचं काम होतं वजन उतरवण्याचं. इतकी वर्षं ३०० पौंडांच्या वर राहण्यासाठी तो भूक नसताना खात आला होता. ते थांबवलं, जड वजनं सोडली, पोहणं आणि सायकल धरली, आणि वर्षभराच्या आत पन्नासेक पौंड गेले. प्रत्येकाला हे जमत नाही. गुडघे, कंबर धावू देत नाहीत, सवय मात्र सहा हजार कॅलरींची राहते, आणि मग रक्तदाब, साखर, झोपेत श्वास अडकणं सुरू होतं. म्हणून शेवटच्या हंगामातच आहारतज्ज्ञाकडून पुढच्या वर्षाचं ताट ठरवून घ्यायचं, आणि गुडघा धावण्याजोगा नसेल तर पहिल्या दिवसापासून पोहायला जायचं.